मान्यता अबाधित आहे

अजूनही कुठल्या इमारतीवर ‘शासनमान्य’ अशी पाटी दिसली की माझ्या डोक्यात तिडीक जाते. परवा नातीला घेऊन रिक्षाने चालले होते. बदलापूर पूर्वेला एका नव्या इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर हा शब्द पिवळ्याधमक अक्षरांत रंगवलेला दिसला आणि मी रिक्षा थांबवायला लावली. नात म्हणाली, “आजी, काय झालं?” म्हटलं, “काही नाही, बघू दे जरा, कशाची मान्यता, कोणी दिलेली, खाली बारीक अक्षरांत काही लिहिलंय का ते.” लिहिलेलं नव्हतं. कधीच नसतं. रिक्षावाला हॉर्न वाजवायला लागला तेव्हा नातीने कपाळाला हात लावला. तिला वाटतं, आजीचं डोकं फिरलंय. फिरलंच आहे. नोकरीत होते तेव्हा ऑफिसातली माणसंसुद्धा पाठीमागे मला खडूस म्हणायची, कारण खिडकीवर आलेल्या माणसाला मी त्याचा कागद दोनदा वाचायला लावायचे. म्हणू देत. पण कशामुळे अशी झाले ते एकदा लिहून ठेवते.

आम्ही अंबरनाथला, एमआयडीसीच्या कडेच्या बैठ्या चाळीत राहायचो. दोन खोल्या, पुढे ओटा, मागे मोरी. आबा, म्हणजे माझे वडील, रंगाच्या कारखान्यात होते. त्या दिवशी जो रंग चालला असेल तो त्यांच्या घामातून बनियनवर उतरायचा. कितीही आंघोळ केली तरी दुसऱ्या दिवशी काखेत पिवळं नाहीतर गुलाबी. आई त्यांचे कपडे वेगळ्या बादलीत धुवायची आणि बनियन पिळता पिळता म्हणायची, “आज लाल चाललं व्हतं वाटतं.” घरात घड्याळ होतं, पण ते कोणी बघत नसे. कंपनीचा भोंगा झाला की आई भात टाकायची, दुसरा झाला की आम्ही जेवायला बसायचो. वारा कारखान्याकडून आला की दार लावून घेतलं तरी वास आत यायचाच. तेव्हा आई ताट वाढताना बजावायची, “आज आमटीत कंपनी पडलीय, मुकाट खा.” आमटी कसली, बहुतेक वेळा सुकट असायची, कांदा घालून परतलेली, वर दोन आमसुलं. तो वास आणि कंपनीचा वास एकमेकांशी भांडत असायचे आणि सुकट जिंकायची.

आबा सातवी पास. पण आमच्या वस्तीत त्यांना मान होता तो अर्जांमुळे. रविवारी सकाळी विहारात वंदना झाली की आबा आमच्या ओट्यावर फळी मांडीवर घेऊन बसायचे. शेजारी कोऱ्या कागदांचा दस्ता आणि जपून वापरलेला एक कार्बन पेपर. नळाला पाणी नाही, रेशनकार्डात सुनेचं नाव चढत नाही, फंड अडकलाय, काहीही असो, माणसं यायची. “आबा, येवढं लिवून द्या.” आबा आधी चष्मा पुसायचे, मग विचारायचे, “कुणाला लिहायचं?” आणि मग एका दमात, “महोदय, वरील विषयास अनुसरून सविनय सादर करतो की…” तिथून पुढे त्यांची भाषाच बदलायची. घरात ‘व्हय’ आणि ‘न्हाय’ बोलणारा माणूस कागदावर ‘सबब’ आणि ‘उपरोक्त’ लिहायचा. चहाशिवाय कोणाकडून काही घेत नसत. त्यांची एकच श्रद्धा होती. म्हणायचे, “तोंडानं सांगितलं तर सायब ऐकल न ऐकल. कागदावर लिवलं की त्याला उत्तर द्यावंच लागतं.” मी या श्रद्धेत वाढले. आमच्या घरात बारशाच्या आधी बहुतेक मला पोच-पावती दाखवली असावी.

माझं कॉलेज उल्हासनगरला होतं. त्याचं नाव लिहीत नाही. ते आता नाही आणि त्याच्या नावाने रडायला मी एकटी पुरेशी आहे. खाली सोफासेट आणि कपाटांची दुकानं, वरच्या दोन मजल्यांवर आम्ही. करवत चालू झाली की सरांचं शिकवणं बंद, करवत थांबली की पुन्हा सुरू. ऑडिटिंग हा विषय मी अशा तुकड्यातुकड्यांनी शिकले, आणि पॉलिशचा वास आला की आजही मला व्हाउचर आठवतं. मोठ्या कॉलेजांत मला मार्कांनी उभं केलं नव्हतं. इथे सकाळचे वर्ग, दुपारी मी शिकवण्या घ्यायचे. दारावर पाटी होती, ‘शासनमान्य वाणिज्य महाविद्यालय’. आबा प्रवेशाला आले तेव्हा त्यांनी ती पाटी मोठ्याने वाचली आणि समाधानाने मान हलवली. आमच्या सात पिढ्यांत कोणी ग्रॅज्युएट नव्हतं. मी होणार होते.

तिथेच मला सुरेखा भेटली. बदलापूरच्या पलीकडची, नदीकाठच्या गावातली. घरी भाताची शेती. रोज सकाळी तिच्या डब्यात तांदळाची भाकरी आणि वालाचं बिरडं, आणि रोज ती अर्धं मला द्यायची, कारण माझी सुकट तिला हवी असायची. हुशार होती, माझ्यापेक्षा पुष्कळच. आकडेमोड तोंडी करायची. तिच्या बाबांशी तिचा ठराव झालेला होता. टीवाय पास झाली तर तिचा कल्याणचा मामा तिला एका ऑफिसात चिकटवणार, दोन-तीन वर्षं नोकरी करायची, मग लग्न. नापास झाली किंवा परीक्षा हुकली, तर त्याच लग्नसराईत लग्न. स्थळ बघून ठेवलेलं होतं. “माझा बा सबुदाचा पक्का हाय,” ती म्हणायची, “दोन्ही बाजूनी.”

आम्ही टीवायला होतो. दिवाळी झाली, परीक्षेचे फॉर्म सुटायची वेळ आली आणि ऑफिसच्या खिडकीत शिर्के हेडक्लार्क म्हणायला लागले, “आले नाहीत अजून. पुढच्या आठवड्यात या.” तो पुढचा आठवडा काही येईना. आम्ही खेटे घालत होतो. एक दिवस सुरेखाने शिर्क्यांच्या टेबलावर विद्यापीठाचं इंग्रजी पत्र उलटं वाचलं. त्यातलं तिला एवढंच दिसलं की आपल्या कॉलेजचं ॲफिलिएशन पुढे चालू ठेवलेलं नाही. तिने खाली येऊन मला सांगितलं आणि माझी पाचावर धारण बसली. आम्ही दोघी तशाच वर गेलो आणि शिर्क्यांना विचारलं. ते हसले. पानाने रंगलेले दात दाखवत म्हणाले, “कोण म्हणतं? पाटी वाचता येते ना? शासनमान्य. मान्यता काढणारा अजून जन्माला यायचाय.” प्राचार्यांनी दुसऱ्या दिवशी वर्गात येऊन हेच सांगितलं, फक्त जरा शुद्ध मराठीत.

घरी येऊन मी आबांना सांगितलं, “आबा, कॉलेजची मान्यता गेली म्हणतात.”

हे वाक्य मी बोलले. मी. आबा नाही. ॲफिलिएशनला मराठीत काय म्हणतात हे मला ठाऊक नव्हतं, आणि पाटीवरचा शब्द डोळ्यांसमोर होता, तो मी उचलला. आबांनी चष्मा पुसला. “थांब,” म्हणाले, “आपण सरकारलाच इचारू.” पुढच्या रविवारी चाळीसेक मुलं-मुली आमच्या ओट्यावर, गटारावर, रस्त्यावर उभी होती आणि आबा लिहीत होते. ‘आमच्या महाविद्यालयाची मान्यता रद्द झाल्याचे समजते, सबब आमचे शैक्षणिक नुकसान होऊ नये…’ आईने दोन पातेली चहा केला. चाळीस सह्या झाल्या. आबांनी तो अर्ज रजिस्टर पोस्टाने शिक्षण खात्याकडे धाडला. विद्यापीठाला नाही. मान्यता सरकार देतं, तर विचारायचं सरकारला. किती सरळ होतं ते.

उत्तर आलं. हेच तर कप्पाळ माझं, की उत्तर आलं! इतक्या लवकर सरकारी उत्तर आबांच्या सगळ्या अर्जांत कधी आलं नव्हतं. संक्रांत होऊन गेली होती. पोस्टमनने लांब पाकीट दिलं, आईने हात पुसून घेतलं आणि आबा पाळीवरून येईपर्यंत कोणाला हात लावू दिला नाही. आत अडीच ओळी होत्या. ‘सदर महाविद्यालयाची शासन मान्यता अबाधित आहे. सबब आपला अर्ज निकाली काढण्यात येत आहे.’ खाली सही, शिक्का.

“अबाधित,” आबा म्हणाले. मग पुन्हा म्हणाले, “अबाधित! म्हंजे हात लावायची कुणाची टाप न्हाय.” त्यांचे डोळे भरून आले होते. आईने शेवयांची खीर केली. रविवारी वंदनेनंतर आबांनी ते पत्र विहारात उभं राहून वाचलं आणि म्हाताऱ्या बायांनी माझ्या तोंडावरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडली. जी चार-पाच मुलं दुसऱ्या कॉलेजात जायची धडपड करत होती, त्यांनी ती सोडली. कॉलेजात आम्ही पेढे वाटले, खालच्या दुकानांतसुद्धा. शिर्क्यांना आम्ही पत्र दाखवलं तेव्हा त्यांनी ते दोनदा वाचलं, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले, “बघा. मी काय सांगत होतो?” त्या बघण्यात जरासं आश्चर्य होतं, हे मला तेव्हा कळलं नाही. आज ते तोंड आठवलं की हात शिवशिवतात.

तो कागद घेऊन मी बदलापूरला सुरेखाकडे गेले. ती चार दिवस आली नव्हती. तिच्या मामाने शहाणपणा करून कल्याणच्या एका कॉलेजचा ट्रान्स्फरचा फॉर्म आणून दिला होता, तिथल्या साहेबांशी बोलून ठेवलं होतं. फॉर्म भरलेला, वर फोटो चिकटवलेला, सही केलेली. दुसऱ्या दिवशी मामा तो घेऊन जाणार होता. मी पडवीत बसून तिला आबांना आलेलं पत्र वाचून दाखवलं. ती म्हणाली, “पण मामा बोलला का देऊन टाक. पडून राहिला तर राहिला.” मी म्हटलं, “अगं वेडी का तू? सरकारने शिक्का मारून दिलंय. तिकडे गेलीस तर नवे सर, नव्या पोरी, मधेच कोण विचारतंय तुला? आपण सगळी एकत्र परीक्षेला बसू.” खरं सांगू का? मला एकटीला मागे राहायचं नव्हतं. तिच्याशिवाय ऑडिटिंग माझ्याने झालं नसतं. हे मी तेव्हा स्वतःलाही सांगितलं नाही, आज सांगते.

तिने पत्रावरच्या शिक्क्यावरून बोट फिरवलं. मग म्हणाली, “तुझं आबा सांगतान म्हंजे खराच असंल.” फॉर्म तिने माझ्या हातात दिला. मी फोटो हलकेच सोडवून तिला परत दिला, “ठेव, लागेल कशाला तरी,” असं म्हटलं आणि फॉर्मचे चार तुकडे करून तिच्या आईच्या चुलीत टाकले. तिची आई भाकऱ्या थापत होती. तिने विचारलं, “काय जाळतंस गो?” मी म्हटलं, “काही नाही मावशी, रद्दी.” मला तांदळाच्या दोन भाकऱ्या खायला घालून तिने पाठवलं.

फेब्रुवारी उजाडला तरी फॉर्म आले नाहीत. मग एका सकाळी ऑफिसच्या खिडकीला कुलूप. शिर्के रजेवर, प्राचार्य गावी. आम्ही जिन्यात उभी. खाली सोफ्याच्या दुकानाचे मालक होते, त्यांना सगळे साईं म्हणायचे, पांढरा लेंगा, कानावर पेन्सिल. ते वर आले आणि विचारलं, काय गडबड आहे. मी त्यांना पत्र दाखवलं. मराठी त्यांना वाचता येत नव्हतं, मी अर्थ सांगितला. त्यांनी कपाळाला हात लावला.

“बेटी, ये तो दुकान का लाइसेंस है. लाइसेंस चालू है, बराबर. पर कंपनी की एजेंसी गई ना! एजेंसी के बिना माल कौन देगा? ॲफिलिएशन माने एजेंसी. वो युनिवर्सिटी देती है, सरकार नहीं.”

एका मिनिटात. सातवी पास आबा, कॉलेजातली चाळीस मुलं, कोणाला कळलं नाही, आणि सोफा विकणाऱ्या माणसाने एका मिनिटात सांगितलं. मी त्यांच्यावरच डाफरले, “मग आधी का नाही सांगितलं?” ते शांतपणे म्हणाले, “तुम लोगों ने पूछा कहाँ? मिठाई लेके आए थे, मैंने खा ली.”

आबांनी रजा टाकली आणि आम्ही दोघं मुंबईला विद्यापीठात गेलो. आबांनी लग्नाकार्याला घालायचा कोट घातला होता. चार टेबलांवर टोलवाटोलवी झाल्यावर एका बाईंनी आम्हाला बसायला सांगितलं. जाड चष्मा, अंबाड्यात चाफ्याचं फूल. त्यांनी आमचं पत्र वाचलं आणि हळूच विचारलं, “अर्जात ‘मान्यता’ शब्द कोणी घातला?” आबा म्हणाले, “म्या.” मी पाकिटावरचा पत्ता वाचत बसले. त्या म्हणाल्या, “काका, गेली आहे ती संलग्नता. मान्यता शासनाची, संलग्नता विद्यापीठाची. तुम्ही त्यांना जे विचारलंत त्याचं त्यांनी खरं उत्तर दिलंय.” मग माझ्याकडे वळून त्यांनी जे सांगितलं ते मी शब्दन् शब्द सांगू शकते. कॉलेजची संलग्नता गेली, तर आत शिकत असलेल्या मुलांचा त्यात दोष नसतो. त्यांना जवळच्या दुसऱ्या कॉलेजातून परीक्षेला बसवायचं असतं. तो मुलांचा हक्क. त्यांचे मूळ दाखले, मार्कशीटं अडवून ठेवायचा कॉलेजला अधिकार नाही. तशी सूचना कॉलेजला दिवाळीतच पाठवली होती, फळ्यावर लावा म्हणून. मुलांनी जानेवारीअखेर अर्ज करायचे होते. “तुमच्या कॉलेजातून एकही आला नाही,” बाई म्हणाल्या, “आम्हाला वाटलं, मुलांनी आपापली सोय केली असेल.”

म्हणजे हक्क होता. शिर्क्यांच्या ड्रॉवरमध्ये होता! सूचना लावली असती तर आम्ही सगळी निघून गेलो असतो आणि कॉलेज ओस पडलं असतं, म्हणून त्या माणसाने ती दाबून ठेवली. आणि आम्ही? आम्ही अबाधित खीर खात होतो.

परतीच्या वाटेवर आबा तोंडातल्या तोंडात तो शब्द घोकत होते. “सलंग्नता… सलंग्नता…” उच्चार चुकत होता. अंबरनाथला उतरल्यावर, स्टेशनबाहेर, भर रस्त्यात मी त्यांच्यावर ओरडले. “संलग्नता! सं-लग्न-ता! नीट म्हणता येत नाही तर अर्ज लिहिता कशाला लोकांचे? तुमच्या एका शब्दाने चाळीस जणांचं वाटोळं केलं!” रिक्षावाले बघायला लागले. आबांनी कोटाचं बटण लावलं, काढलं, पुन्हा लावलं. म्हणाले, “चुकलं माझं.” शब्द माझा होता, हे त्यांना आठवत नव्हतं की आठवत असून त्यांनी तो स्वतःवर घेतला होता, ते मी त्यांना कधी विचारलं नाही. आता विचारायला ते नाहीत. त्यानंतरचे कितीतरी रविवार फळी ओट्यावर आली नाही. माणसं यायची, आई सांगायची, “त्यांचं डोळं दुखत्यात.” मला आई काही बोलली नाही, फक्त पंधरा दिवस माझं ताट वाढून ठेवून निघून जायची. तो मुकेपणा मला शिव्यांपेक्षा लागला.

दुसरा अर्ज मी लिहिला. सोपा, सरळ, ‘सबब’ नसलेला. सूचना आम्हाला दाखवलीच नाही, मग मुदत आमच्यावर कशी लादता, हा एकच मुद्दा. चाफ्याच्या फुलाच्या बाईंनी सांगितल्याप्रमाणे ट्रान्स्फरच्या कोऱ्या फॉर्मवर सगळ्यांच्या सह्या आणि फोटो आत्ताच घेऊन ठेवायचे होते. सुरेखाची सही घ्यायला मी पुन्हा नदीपलीकडच्या त्या पडवीत गेले. तिने पेन घेतलं, तेवढ्यात तिचे बाबा बांधावरून आले. पाय धुतले आणि माझ्यासमोर उकिडवे बसले. आवाज चढवला नाही.

“पोरी, एक कागद घेऊन आलीस, बोललीस हाय. माझ्या पोरीचा फाराम फाडलास. आता दुसरा घेऊन आलीस, बोलतंस नाय. मी आता तिसऱ्या कागदाची वाट बघत बसू काय?”

मी फॉर्म सुरेखापुढे सरकवला. सुरेखाने सही केली, फोटो दिला, तोच, चुलीतून वाचवलेला. ठरावाप्रमाणे लग्नसराईत तिचं लग्न झालं. मला आमंत्रण होतं. मी गेले नाही, आजारी असल्याचं कळवलं. परीक्षा मार्चची होती, ती आमच्याशिवाय झाली.

मग चपला झिजवणं सुरू झालं. शिर्क्यांकडून मार्कशीटं सोडवायला पाच फेऱ्या, विद्यापीठात सात. दर वेळी एक सही कमी, दर वेळी साहेब मीटिंगमध्ये. चाळिसांतले पंधरा गळले. कोणी कारखान्यात लागलं, कोणी बापाच्या दुकानात बसलं. राग यायचा तो याचाच, की कोणी ‘नाही’ म्हणत नव्हतं. सगळे म्हणायचे, हक्क आहे तुमचा, बरोबर आहे तुमचं, सोमवारी या. शेवटी भर पावसाळ्यात पत्र आलं. ऑक्टोबरच्या परीक्षेला कल्याणच्या कॉलेजातून बसायची परवानगी. यादीत सुरेखाचंही नाव होतं. आबांना मी ते पत्र वाचून दाखवलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, “त्यात शब्द बरोबर हायत ना? परत एकदा वाच.” मी परत वाचलं.

हॉल तिकिटं आली तेव्हा सुरेखाचं मी मागून घेतलं आणि तिच्या सासरी गेले. बदलापूरहून आत, टेम्पोने आणि मग पायी. भात पिवळं पडलं होतं, कापणी तोंडावर आली होती. ती खळं सारवत होती. मला बघून हात शेणाने भरलेले असतानाच हसली. सासूने चहा टाकला. तिकीट बघून सासूच म्हणाली, “चार दिसाची तर परीक्षा हाय, जाऊ दे की तिला. आमी कापू भात.” मी आशेने सुरेखाकडे बघितलं. तिने हात धुतले, तिकीट घेतलं, सगळं वाचलं, मागची नियमांची बारीक अक्षरंसुद्धा. मग मला परत दिलं.

“मना काय येत नाय आता. पुस्तका बा नी देऊन टाकली. बसून कोरा पेपर देऊ?”

“मी शिकवते. पंधरा दिवस आहेत. तू एकदा वाचलंस की येतं तुला. सुरेखा, हा तुझा हक्क आहे गं, भांडून आणलाय.”

“हाय ना. मी कुठं नाय बोलतंय?” ती म्हणाली. “पन ज्याच्यासाठी पायजे व्हता ता गेला. मामानी ती जागा दुसऱ्या पोरीला दिली.” मग माझा चेहरा बघून तिने माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. “तू बस परीक्षेला. आन ऑडिटिंग नीट वाच, तुना ता येत नाय.” मी तिची माफी मागायला गेले होते. ती तोंडातून निघालीच नाही. तिकीट मी तिच्या उंबऱ्यापाशी ठेवून आले.

परीक्षेच्या पहिल्या दिवशी आबा मला सोडायला आले, कोट घालून. वर्गात बाकांवर खडूने नंबर लिहिले होते. अर्ज एकत्र गेल्यामुळे सुरेखाचा आणि माझा नंबर लागोपाठ होता, तिचा बाक माझ्या पुढे. घंटा होईपर्यंत मी दाराकडे बघत होते. पर्यवेक्षक बाईंनी हजेरी घेताना तिचा नंबर पुकारला, मान वर करून रिकाम्या बाकाकडे पाहिलं, पुन्हा पुकारला आणि लाल पेनाने ‘गैरहजर’ लिहिलं. मला उठून सांगायचं होतं, बाई, असं नुसतं गैरहजर लिहू नका, तिचा फॉर्म मी फाडलाय. पण तोवर प्रश्नपत्रिका हातात आली होती आणि मला पास व्हायचं होतं. मी पहिला प्रश्न वाचायला लागले.